डब्यावरच्या चिठ्ठीवर विश्वास ठेवू नका

माहितीपटांसाठी आर्काइव्ह फुटेज, म्हणजे संग्रहांतलं जुनं चित्रण, शोधतो म्हटलं की लोकांना वाटतं, याची मजा आहे, दिवसभर जुने सिनेमे बघतो. बघणं असतंच. पण जास्त वेळ जातो तो समोर दिसतंय ते नक्की कधीचं, कुठलं आणि कोणाच्या मालकीचं हे ठरवण्यात. या कामात येणाऱ्यांनी आधी हीच सवय लावून घ्यावी.

समजा, संयुक्त महाराष्ट्र चळवळीवरच्या फिल्मसाठी दिग्दर्शकाला १९५६ मधली मुंबई हवीय. ‘बॉम्बे, पन्नासचं दशक’ एवढीच नोंद असलेली क्लिप मिळते आणि एडिटर लगेच ती टाइमलाइनवर टाकतो. तुम्ही मात्र फ्रेम थांबवून बघायचं. ट्राम दिसते? मुंबईतली ट्राम ३१ मार्च १९६४ ला बंद झाली, म्हणजे क्लिप त्याआधीची. गेटवेसमोर अश्वारूढ शिवाजी महाराज दिसले तर क्लिप बाद. तो पुतळा बसला २६ जानेवारी १९६१ ला, राज्य झाल्यावर. काळा घोडा, म्हणजे सातव्या एडवर्डचा अश्वारूढ पुतळा, जागेवर असेल तर १९६५ च्या पुढे जाता येत नाही. गाड्यांच्या मॉडेलवर मी फारसा भरवसा ठेवत नाही, आपल्याकडे गाडी वीस वर्षं सहज चालते. त्यापेक्षा भिंतीवरचं सिनेमाचं पोस्टर बघा. जुन्या वर्तमानपत्रातल्या जाहिरातींशी ते ताडून पाहिलं तर कधीकधी महिन्यापर्यंत पोचता येतं.

एवढी चिकित्सा फाजील वाटत असेल तर फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ आठवा. १९१३ चा म्हणून जी रिळं दाखवली जातात, ती खरं तर फाळक्यांनीच १९१७ साली पुन्हा काढलेल्या आवृत्तीची आहेत, असं अभ्यासक वीरचंद धरमसी यांचं म्हणणं आहे. पहिल्या पूर्ण लांबीच्या भारतीय चित्रपटाची ही कथा, मग रस्त्यावरच्या निनावी गर्दीचं काय!

शोधायला कुठे जायचं? सरकारी वृत्तपटांचा मोठा साठा फिल्म्स डिव्हिजनचा, मुंबईत पेडर रोडवर; ही संस्था १९४८ ची. चित्रपटांसाठी पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय, १९६४ चं. आता दोन्ही एनएफडीसीच्या, म्हणजे राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाच्या, छत्राखाली आहेत. ब्रिटिश सरकारचा इथला वृत्तपट विभाग १९४६ मध्येच बंद झाला होता, त्यामुळे ऐन १९४७ च्या दृश्यांसाठी बरेचदा परदेशी संग्रहांचं दार ठोठावावं लागतं. ब्रिटिश पाथे या जुन्या वृत्तपट कंपनीनं २०१४ साली ८५ हजार फिल्म यूट्यूबवर टाकल्या. त्या बघायला फुकट आहेत, वापरायला नाहीत. हे निर्मात्याला पहिल्याच बैठकीत सांगा, कारण ‘नेटवर आहे ना, उचल की’ हे वाक्य तुम्हाला हमखास ऐकायला मिळणार.

हक्कांचा हिशेब समजून घ्या. भारतीय कायद्यात चित्रपटाचा कॉपीराइट प्रदर्शनानंतर ६० वर्षं टिकतो, तीही पुढच्या वर्षाच्या सुरुवातीपासून मोजून. म्हणजे १९५६ च्या वृत्तपटाची मुदत २०१६ अखेर संपली. पण हक्क संपले म्हणून रीळ आपोआप हाती येत नाही. स्कॅनिंगचे आणि मास्टर कॉपीचे पैसे असतातच. शिवाय फिल्म परदेशात दाखवायची तर तिथला कायदा वेगळा. लायसन्स लागतं तिथे दर बहुधा सेकंदावर असतो आणि कोणते देश, किती वर्षं, थिएटर की ओटीटी, यावर तो बदलतो. म्हणून प्रत्येक शॉटचा स्रोत, टाइमकोड (फुटेजमधली त्याची नेमकी वेळ) आणि हक्काची स्थिती पहिल्या दिवसापासून तक्त्यात लिहीत जा. वॉटरमार्कवाली, म्हणजे अजून पैसे न भरलेली क्लिप रफ कटमध्ये, कच्च्या जुळणीत, एकदा बसली की दिग्दर्शकाचा तिच्यावर जीव जडतो, आणि मग तिचं बिल बघून सगळे तुमच्याकडे वळतात.

मूकपटाच्या काळातलं फुटेज असेल तर फ्रेम रेट एडिटरला आधीच सांगा. सेकंदाला सोळा-अठरा फ्रेमचं फुटेज चोविसावर चाललं की माणसं दुडूदुडू पळतात आणि गंभीर मोर्च्याचाही विनोद होतो.

पैशांचं म्हणाल तर काम बहुतेक प्रोजेक्टवारी मिळतं. शोधाचे आणि हक्क मिळवण्याचे दिवस करारात वेगवेगळे लिहून घ्या. हक्कांचं काम फिल्म लॉक झाल्यावरही, म्हणजे संकलन पक्कं झाल्यावरही, महिनोन्महिने चालतं. श्रेयनामावलीत नाव कुठल्या पदाखाली येणार, तेही त्याच कागदावर हवं.