मोजिबाके झालंय की फॉन्ट गेलाय? या चुका टाळा

फाईल उघडली आणि मराठी नावांच्या जागी डोक्यावर तिरकी रेघ असलेला रोमन ए, शेजारी चार पाय फुटलेला गोल, मध्येच येनचं चिन्ह, मध्येच युरोचं, असं ओळीच्या ओळी दिसायला लागलं तर पहिलं काम एकच, सेव्ह दाबू नका. बाकी सगळं नंतर. या प्रकाराला मोजिबाके म्हणतात, शब्द आपल्याकडे फार कोणी वापरत नाही, पण माहीत असला की डेटा वाचवता येतो, म्हणून हा सगळा प्रपंच.

शब्द जपानी. मोजि म्हणजे अक्षर आणि बाके आलाय बाकेरु या क्रियापदावरून, म्हणजे रूप पालटणं, सोंग घेणं, जपानी गोष्टीतल्या भुताला ओबाके म्हणतात तो याच घरातला शब्द. इमोजीतला मोजिसुद्धा हाच, ए म्हणजे चित्र आणि मोजि म्हणजे अक्षर, इंग्रजी इमोशनशी त्याचा संबंध नाही, तो नुसता उच्चाराचा योगायोग. जपानमध्ये हा शब्द रुळला कारण तिथे एकाच वेळी तीन-चार एनकोडिंग, म्हणजे अक्षरं आकड्यांत साठवायच्या पद्धती, चालायच्या, शिफ्ट-जेआयएस, ईयूसी, ईमेलसाठी आणखी वेगळं, त्यामुळे एकाने पाठवलेलं दुसऱ्याकडे भलतंच उघडायचं. रशियन लोक याला क्राकोझ्याब्री म्हणतात, जर्मन त्साइखनझालाट म्हणतात, म्हणजे अक्षरांचं सॅलड. आपण मुंबईत काय म्हणतो, तर "फॉन्ट उडालाय रे". आणि इथेच गडबड सुरू होते, कारण मोजिबाकेत फॉन्टचा काही दोष नसतो.

नेमकं होतं काय ते बघू. कॉम्प्युटर अक्षर ठेवत नाही, आकडे ठेवतो, आणि कुठला आकडा म्हणजे कुठलं अक्षर हे तक्त्यावरून, म्हणजेच एनकोडिंगवरून, ठरतं. स्टेशनवर नुसतं "अं" लिहिलेलं दिसलं तर वेस्टर्नवाला अंधेरी वाचणार आणि सेंट्रलवाला अंबरनाथ, पाटी तीच, वाचणाऱ्याच्या डोक्यातला तक्ता वेगळा. आज मराठी मजकूर बहुतेक ठिकाणी यूटीएफ-८ नावाच्या तक्त्यात असतो, त्यात देवनागरीच्या प्रत्येक अक्षराला, मात्रेला, हलन्तालासुद्धा तीन-तीन बाइट, म्हणजे साठवणीचे तीन-तीन आकडे, लागतात. समोरच्या प्रोग्रामने ही फाईल विंडोज-१२५२ नावाच्या जुन्या युरोपियन तक्त्याने वाचली की त्याच्या लेखी एक बाइट म्हणजे एक अक्षर, मग आपल्या एका अक्षराची तीन भलती चिन्हं होतात.

उदाहरणाला "मराठी" घ्या. म, र, काना, ठ, वेलांटी, म्हणजे पाच तुकडे, पंधरा बाइट. प्रत्येक तुकड्याचा पहिला बाइट तोच असतो, म्हणून तो तिरक्या रेघेचा ए दर तिसऱ्या जागी परत परत दिसतो, ही मोजिबाकेची सगळ्यात सोपी खूण. म च्या शेवटी गोलातला आर येतो, ट्रेडमार्कवाल्यांचा. र च्या शेवटी डिग्रीचं चिन्ह. दीर्घ वेलांटीचं तर येन आणि युरो होतं. ठ ची गंमत वेगळी, त्याचा शेवटचा बाइट त्या जुन्या तक्त्यात न तुटणारी स्पेस आहे, म्हणजे डोळ्यांना काहीच दिसत नाही. हे लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

आता चुका. सगळ्यात कॉमन म्हणजे प्रत्येक बिघाडाला एकच नाव देणं, मग ते मोजिबाके असो नाहीतर "फॉन्ट गेला", कारण दिसायला सगळाच कचरा पण औषध प्रत्येकाचं वेगळं. रिकामे चौकोन दिसतायत? ते मोजिबाके नाही, तुमच्या मशीनवर त्या अक्षरांचा फॉन्ट नाहीये एवढंच, मजकूर ठणठणीत आहे. या चौकोनांना टोफू म्हणतात आणि गुगलच्या नोटो फॉन्टचं नावच "नो टोफू" वरून पडलंय, तो किंवा दुसरा कुठलाही देवनागरी युनिकोड फॉन्ट टाकला की काम झालं, युनिकोड म्हणजे सगळ्या लिपींचा एकच सामायिक तक्ता. ठिपक्यांचं वर्तुळ आणि त्याला चिकटलेली एकटी मात्रा दिसतेय? तेही नाही, तिथे टायपिंगमध्ये मात्रेच्या आधीचं अक्षर सुटलंय. काळ्या चौकटीत प्रश्नचिन्ह म्हणजे प्रोग्राम सांगतोय की हे बाइट मला वाचताच येत नाहीत, उलटा प्रकार, यूटीएफ-८ समजून दुसरंच काहीतरी वाचायला घेतलंय. मूळ फाईल असेल तर यात जीव असतो.

आणि साधी प्रश्नचिन्हं, एकामागोमाग एक, नावाच्या जागी सहा प्रश्नचिन्हं, आडनावाच्या जागी आठ? हे सगळ्यात वाईट. ज्या तक्त्यात देवनागरी नाहीच त्यात मजकूर कोंबून सेव्ह केला की प्रत्येक अक्षराच्या जागी खरोखरचं प्रश्नचिन्ह लिहिलं जातं, मूळ आकडे पुसले जातात, मग कोणीही काहीही करू शकत नाही, बॅकअप शोधा. मोजिबाके भयानक दिसतं पण आत माल बहुतेक सुखरूप असतो, प्रश्नचिन्हं साधी दिसतात पण आत काही उरलेलं नसतं. हा फरक कळला तरी अर्धी लढाई जिंकली.

दुसरी चूक मुंबईत रोज होते, अक्षरं फुटली की "फॉन्ट पाठव ना" म्हणून मेसेज टाकायचा. मग समोरून तीन-चार फॉन्ट येतात, सगळे टाकून होतात, फाईल आहे तशीच. मोजिबाकेवर फॉन्ट बदलून काही होत नाही, ए वेगळ्या वळणाचा दिसेल इतकंच. पण याच्याच उलट एक केस आहे आणि तिथे फॉन्ट मागणं बरोबर असतं, ती म्हणजे जुन्या डीटीपीच्या, कॉम्प्युटरवर छपाईची पानं लावायच्या, फाईली. गिरगाव, दादर, परळमधल्या संस्थांकडे जुने अहवाल, स्मरणिका, दिवाळी अंक पेजमेकरमध्ये पडून आहेत, ते श्रीलिपी, कृतिदेव असल्या फॉन्टांत केलेले. या फॉन्टांनी रोमन अक्षरांच्या जागांवरच मराठी अक्षरांचे आकार बसवले होते, म्हणजे फाईलमध्ये खरं इंग्रजीच असतं, फॉन्टमुळे ते मराठी दिसतं. कृतिदेवमध्ये "मराठी" लिहिलेलं दुसऱ्या मशीनवर उघडलं तर तिथे ई, जे, के, कॅपिटल बी, एच अशी पाच अक्षरं दिसतात. ही खूण पक्की समजा, साधी कीबोर्डवरची इंग्रजी अक्षरं आणि कॅपिटल-स्मॉलची खिचडी म्हणजे जुना फॉन्ट, तिरक्या रेघेचे ए आणि येन-युरो म्हणजे बहुतेक वेळा मोजिबाके. श्रीलिपीच्या काही फॉन्टांत वरच्या कोडची चिन्हंही येतात, तिथे गोंधळ होऊ शकतो, पण तो ए दर तिसऱ्या जागी नेमाने येतोय का बघा, नसेल तर फॉन्टच. या मजकुराला एनकोडिंग बदलून काही होत नाही, कन्व्हर्टर लागतो, आणि प्रत्येक फॉन्टची मांडणी वेगळी म्हणून आधी फॉन्टचं नाव माहीत पाहिजे, कृतिदेवचा कन्व्हर्टर श्रीलिपीला लावला तर अजून नवीन कचरा. देवनागरी युनिकोडमध्ये १९९१ पासून आहे, तरी ही गाठोडी अजून सुटायची आहेत, आणि ज्यांना कुठला फॉन्ट वापरला होता ते आठवतंय अशी माणसं आहेत तोवर त्यांना विचारून घ्या, मला याची खरंच काळजी वाटते.

आता एक्सेल, कारण निम्म्याहून जास्त भानगडी इथेच. गणपती जवळ आले की मंडळांचे अहवाल छापायला निघतात, वर्गणीदारांची यादी हल्ली गुगल फॉर्मवर भरलेली असते, कोणीतरी शीट सीएसव्ही म्हणून, म्हणजे स्वल्पविरामांनी तोडलेला साधा मजकूर म्हणून, डाउनलोड करतो, डबल क्लिक करतो, आणि चाळीतल्या सगळ्या नावांचा निकाल लागतो. फाईल चांगलीच होती, गुगल यूटीएफ-८ मध्येच देतं, पण फाईलच्या सुरुवातीला तशी खूण नसली की एक्सेल डबल क्लिकवर विंडोजचा जुना तक्ता धरून बसतं. डबल क्लिक करू नका. कोरं एक्सेल उघडा, डेटा टॅबवर जा, "फ्रॉम टेक्स्ट/सीएसव्ही" घ्या, फाईल निवडा, जी खिडकी येते तिच्यात फाईल ओरिजिनला ६५००१ युनिकोड यूटीएफ-८ निवडा, खाली प्रीव्ह्यूमध्ये नावं सरळ दिसली की लोड. त्याहून सोपं म्हणजे शीटमधून सीएसव्ही घेऊच नका, एक्सेलचीच फाईल डाउनलोड करा, प्रश्नच मिटला. आणि सेव्ह करताना तर जास्तच सांभाळा, फाईल टाइपच्या यादीत साधं सीएसव्ही आणि सीएसव्ही यूटीएफ-८ असे दोन पर्याय असतात, साधं निवडलंत तर वर सांगितलेली ती प्रश्नचिन्हं, कायमची.

सेव्ह दाबू नका असं सुरुवातीलाच का म्हटलं ते आता सांगते. फुटलेला मजकूर नुसता दिसतोय तोवर बिघाड फक्त वाचण्यात आहे, फाईल बंद करून नीट उघडली की झालं. पण तशाच अवस्थेत यूटीएफ-८ म्हणून सेव्ह केलं की तो कचराच आता खरा मजकूर होतो, म च्या तीन बाइटांचे सहा होतात, फाईल जवळपास दुप्पट फुगते. ती परत चुकीच्या तक्त्याने उघडली, परत सेव्ह केली, की दुहेरी मोजिबाके. अचानक साइज दुप्पट झालेली फाईल दिसली तर असा कचरा सेव्ह झाल्याचाच संशय घ्या.

एकेरी असेल तर परत येतं. नोटपॅड प्लस प्लसमध्ये फाईल उघडा, एनकोडिंग मेनूतून आधी "कन्व्हर्ट टू एएनएसआय" करा, एएनएसआय म्हणजे तोच विंडोजचा जुना तक्ता, मग कन्व्हर्ट नाही, नुसतं यूटीएफ-८ निवडा, म्हणजे तेच बाइट आता बरोबर तक्त्याने वाचले जातात. हे कॉपीवर करा, मूळ फाईलला हात लावू नका. पायथॉन येत असेल तर एफटीएफवाय नावाची लायब्ररी याच कामासाठी आहे, मोठ्या यादीला तीच बरी.

फाइंड-रिप्लेसने एकेक चिन्ह बदलत बसणं मात्र कृपया करू नका. आठवतोय ना तो ठ, ज्याचा शेवट न दिसणारी स्पेस आहे? मजकूर व्हॉट्सअ‍ॅपवरून, ईमेलवरून, कुठल्याशा फॉर्ममधून फिरला की अशा स्पेसची साधी स्पेस होते किंवा कडेची असेल तर छाटली जाते, मग ठ परत येत नाही. हलन्ताची त्याहून वाईट अवस्था, त्याच्या शेवटच्या बाइटला विंडोज-१२५२ मध्ये अक्षरच नेमलेलं नाही, पहिल्या उकाराचंही तेच, आणि झ, ए, ऐ यांचंही. काही प्रोग्राम तो बाइट तसाच पुढे नेतात, काही गाळतात, काही तिथे प्रश्नचिन्ह ठेवतात. म्हणून दुरुस्त केलेल्या यादीत जोडाक्षरं आणि उकार मुद्दाम तपासा, म्हात्रे, गुरव, झेंडे, आणि सगळ्यात आधी विठ्ठल, कारण त्या एका नावात दोन ठ आणि मध्ये हलन्त, तिन्ही धोक्याच्या जागा. विठ्ठल नीट आला तर यादी बहुतेक नीट आली असं मी धरते, आणि तरीही एकदा डोळ्याखालून घालते, कारण वर्गणी देणाऱ्याचं नाव चुकीचं छापणं बरोबर नाही.

वेबसाइट चालवणाऱ्यांसाठी थोडक्यात. पानाच्या वरच्या भागात, पहिल्या १०२४ बाइटांच्या आत, चारसेट यूटीएफ-८ असल्याची ओळ पाहिजे. मायएसक्यूएल या डेटाबेसमध्ये आवृत्ती ८ च्या आधी डिफॉल्ट तक्ता लॅटिन-१ हा जुना युरोपियन होता, जुनी साइट नव्या सर्व्हरवर हलवताना मराठी फुटतं ते बहुतेक यानेच, टेबल आणि कनेक्शन दोन्ही यूटीएफ८एमबी४ वर आहेत का बघा. आणि तिथे नुसतं यूटीएफ८ लिहिलेलं असेल तर मराठी चालेल पण इमोजी नाही, कारण त्यात तीनच बाइटांची सोय आहे आणि इमोजीला चार लागतात. नुसतं कोणाचं तरी पान वाचताना फुटलेलं दिसलं तर फायरफॉक्सच्या व्ह्यू मेनूत "रिपेअर टेक्स्ट एनकोडिंग" आहे, ते दाबून बघा.

शब्द वापरायचा कसा, तर मोजिबाके, चारही अक्षरं सारखी, शेवटचा के पूर्ण उच्चारायचा, मोजिबेक नाही. मराठीत नपुंसकलिंगी छान बसतं, "यादीचं मोजिबाके झालंय". कोणी घाईत चुकीचं टाइप केलं तर त्याला हा शब्द नाही, रोमनमध्ये लिहिलेल्या मराठीला नाही, पीडीएफमधून कॉपी केल्यावर अक्षरं बदलतात त्यालाही काटेकोर अर्थाने नाही, तिथे फॉन्टच्या आतला नकाशा हरवलेला असतो आणि ओसीआर, म्हणजे पानाच्या चित्रावरून अक्षरं ओळखून घेणं, सोपं पडतं. आणि व्हायरस तर अजिबात नाही, मशीन फॉरमॅट करायला कोणी सांगितलं तर ऐकू नका.

मदत मागायची असेल तर फुटलेल्या मजकुराचा स्क्रीनशॉट पाठवून फारसं काही होत नाही, न दिसणारे बाइट फोटोत येत नाहीत, आणि मजकूर कॉपी करून चिकटवला तर वाटेत गळती होते. फाईलच पाठवा, डॉक्युमेंट म्हणून, शक्यतो झिप करून, आणि सोबत तीन गोष्टी लिहा: कुठून आली, पहिल्यांदा कशात उघडली, मध्ये कोणी सेव्ह केली का.