"बाबा मिरजेला गेलेत" असं मुलाला सांगू नका

१९८२ साली माझे वडील वारले तेव्हा मी दुसरीत होते. मला त्याच दिवशी मामाकडे पाठवलं. पंधरा दिवसांनी परत आणलं आणि सांगितलं, "बाबा मिरजेच्या दवाखान्यात आहेत." आईच्या कपाळावर कुंकू नव्हतं, हातात बांगड्या नव्हत्या. ते मला दिसत होतं, पण मी विचारलं नाही. शनिवारी सकाळची शाळा असायची. ती सुटली की दप्तर घेऊन मी थेट एसटी थांब्यावर जाऊन बसायचे, कारण मिरजेची गाडी दुपारी यायची. असे किती शनिवार गेले ते आठवत नाही. शेवटी वर्गातली एक मुलगी भांडणात ओरडली, "तुझा बाप मेलाय की गं, सगळ्या गावाला ठावं हाय!"

आजीला वाटलं होतं, पोरीला झेपणार नाही. तिनं हे मायेपोटीच केलं. पण त्यानंतर कितीतरी वर्षं घरातलं कुणी "काही नाही गं, सगळं ठीक आहे" म्हणालं की माझ्या पोटात गोळा यायचा.

गेली चोवीस वर्षं मी तासगाव तालुक्यात जिल्हा परिषदेच्या शाळेत शिकवते. वर्ष-दोन वर्षांत एखादं तरी मूल असं येतं, ज्याच्या घरातलं माणूस गेलेलं असतं. त्या मुलांनी मला जे शिकवलं ते इथं लिहिते. तुमच्या घरात आज असं मूल असेल तर पुढचा भाग आधी वाचा, बाकीचं सवडीनं वाचलं तरी चालेल.

सांगायचं कुणी आणि कसं

त्याच दिवशी सांगा. घर माणसांनी भरायच्या आत सांगितलं तर उत्तम, कारण एकदा बायकांचा आकांत सुरू झाला की मूल भेदरून कोपऱ्यात जातं आणि मग त्याच्याकडे कुणाचंच लक्ष राहत नाही. मुलाला ज्याचा लळा आहे त्यानंच सांगावं. आईला बोलवत नसेल तर मावशीनं, आत्यानं बोलावं. आई नुसती शेजारी बसली तरी पुरे. मुलाला जवळ घ्या आणि आधी एवढंच म्हणा, "तुला एक फार वाईट गोष्ट सांगायची आहे."

आता शब्द कुठला वापरायचा? आपण म्हणतो गेले, वारले, देवाघरी गेले, देवाज्ञा झाली. मोठ्यांना त्यातलं मरण ऐकू येतं. पाच वर्षांच्या मुलाला "गेले" म्हणजे गेले, आणि गेलेलं माणूस परत येतं, हे त्याला रोज दिसतं. "मेले" म्हणायला जीभ वळत नाही, मेलेल्या माणसाचा अपमान केल्यासारखं वाटतं, हे मला कळतं. तरी एकदा तो शब्द म्हणा. आमच्या भागातल्या मुलांनी मेलेली शेळी पाहिलेली असते, मेलेली मुंगी हातात धरलेली असते. तो शब्द त्यांच्या ओळखीचा आहे.

मी एका बापाला लिहून दिलं होतं ते असं: "आई मेली. म्हणजे तिचं शरीर बंद पडलं. आता ती श्वास घेत नाही. तिला भूक लागत नाही, थंडी वाजत नाही, काही दुखत नाही. डॉक्टरांनी खूप प्रयत्न केले, पण शरीर पुन्हा चालू झालं नाही. आणि मेलेलं माणूस परत येत नाही. मला खूप रडू येतंय. तुला आलं तर तूही रड."

थंडी आणि दुखणं ही दोन वाक्यं गाळू नका. चितेवर किंवा मातीत ठेवलेल्या आईला लागत असेल का, भाजत असेल का, ही काळजी लहान मुलांना खरोखर असते.

"झोपली आहे" असं चुकूनही म्हणू नका. पहिलीतल्या एका मुलाला आजोबा झोपलेत असं सांगितलं होतं. तो नंतर दुपारी आईला डोळा लागू द्यायचा नाही, तिच्या पापण्या बोटांनी उघडायचा. "देवाला आवडला म्हणून नेला" हेही टाळा. एक मुलगा प्रार्थनेला हात जोडेना. खूप दिवसांनी म्हणाला, "देवाला मी आवडायला नको." तुमची देवावर श्रद्धा असेल तर देवाघराबद्दल जरूर बोला, पण शरीराचं खरं आधी सांगून झाल्यावर. आणि नुसतं "आजारी होते" म्हणून थांबू नका, नाहीतर पुढच्या सर्दीला मूल मरणाच्या भीतीनं रात्रभर जागतं. "तो फार मोठा आजार होता. तुला होतं तसल्या सर्दी-तापासारखा नव्हता," एवढं जोडा.

पाचाच्या आतलं मूल हे ऐकून घेईल, मान हलवेल आणि तासाभरानं विचारेल, "बाबा कधी येणार?" मरण कायमचं असतं हे त्या वयात डोक्यात टिकत नाही. चिडू नका, दहा वेळा विचारलं तर दहा वेळा तेच उत्तर त्याच शब्दांत द्या. सहा-सात वर्षांच्या मुलाला परत न येणं कळू लागतं. नऊ-दहाव्या वर्षापर्यंत मरण सगळ्यांनाच असतं, आपल्यालाही, हे बहुतेकांना उमगतं, आणि मग ती रात्री उठून आईचा श्वास चालू आहे का ते बघतात.

मूल जे विचारत नाही

या भागासाठीच मी हा लेख लिहायला घेतला.

दुसरीतली एक मुलगी आजी वारल्यावर शाळेत पाणीच पिईना. बाटली भरलेली यायची, भरलेली जायची. आईला वाटलं, विसरते. मी रोज मधल्या सुट्टीत तिच्याजवळ बसायचे, काही न विचारता चित्रं काढायचे. तिसऱ्या आठवड्यात तिनं एक माठ काढला आणि म्हणाली, "आजीनं पाणी मागितलं होतं. मी कार्टून बघत होते." त्या रात्री आजीला हृदयविकाराचा झटका आला होता. पाणी दिलं असतं तर आजी वाचली असती, असं ते पोर तीन आठवडे मनात घेऊन फिरत होतं.

मुलांना वाटतं, आपल्या रागामुळे, हट्टामुळे, मनातल्या वाईट विचारामुळे माणूस मरतं. सायकल मागितली म्हणून बाबा गेले. "तू मर" म्हटलं म्हणून भाऊ गेला. हे ती बोलून दाखवत नाहीत. म्हणून विचारायची वाट बघू नका, आपण होऊन सांगा: "तू केलेल्या, बोललेल्या किंवा मनात आणलेल्या कुठल्याही गोष्टीमुळे हे झालेलं नाही." एकदा सांगून भागत नाही. महिन्याभरानं पुन्हा सांगा.

असेच आणखी दोन प्रश्न मुलाच्या मनात असतात. मलाही असंच होईल का? आणि आता माझं कोण बघणार? दुसऱ्याचं उत्तर अगदी बारकाईनं द्यावं. "आम्ही आहोत ना" यानं मुलाचं समाधान होत नाही. "सकाळी डबा आत्या देईल, शाळेतून काका आणतील, रात्री मी तुझ्याशेजारी झोपेन," यानं होतं. "मी कधीच मरणार नाही" असं वचन मात्र देऊ नका. "मी खूप वर्षं जगेन असं मला वाटतं, आणि मला काही झालं तर तुला मावशी सांभाळणार आहे, तिच्याशी माझं बोलणं झालंय," हे खरं आहे आणि पुरेसंही आहे.

स्मशान, रक्षाविसर्जन, कावळा

मुलाला न्यायचं की नाही, यावरून घरात वाद होतात. माझं मत असं: पाच-सहाच्या पुढच्या मुलाला विचारावं, पण विचारण्याआधी तिथं काय दिसेल ते सांगावं. तिरडी, फुलं, लाकडं, धूर, रडणारी माणसं. "यायचंय का? मध्येच नको वाटलं तर लगेच परत येऊ." आणि फक्त त्या मुलासाठी एक माणूस नेमा, ज्याला दुसरं काही काम नसेल. नाही म्हणालं तर घरीच फुलं वाहू द्या, किंवा चिठ्ठी लिहून द्या म्हणावं, ती आपण सोबत ठेवू.

मुलगा एकुलता एक आहे म्हणून आठ वर्षांच्या पोराच्या हातात मडकं देतात, डोकं भादरतात. मी हे दोनदा जवळून पाहिलंय. करायचंच असेल तर त्याला आदल्या रात्री प्रत्येक पायरी सांगा, आणि तो घाबरला तर काकांनी अग्नी द्यावा, मुलानं नुसता हात लावावा. बळजबरी करू नका. मुलीला यायचं असेल तर तिलाही येऊ द्या.

तिसऱ्या दिवशी रक्षाविसर्जनाला, दहाव्याला पिंडाजवळ सगळी कावळ्याची वाट बघतात. कावळा शिवेना की कुणीतरी म्हणतं, "इच्छा राहिलीय, पोरात जीव अडकलाय." हे मुलाच्या कानावर पडू देऊ नका. पडलंच तर लगेच सांगा, "ही मोठ्या माणसांची निरोप द्यायची रीत आहे. कावळा उशिरा आला कारण इथं गर्दी आहे. बाबा तुझ्यावर रागावलेले नाहीत."

नंतरचे महिने

मूल सकाळी ओक्साबोक्शी रडेल आणि दहा वाजता गोट्या खेळायला पळेल. "बाप जाऊन आठ दिवस झाले नाहीत आणि हा खिदळतोय" असं म्हणणाऱ्या पाहुण्यांना गप्प करा. लहान जीवाला दुःख सलग सोसवत नाही. ते थोडं रडतं, मग खेळतं, मग पुन्हा रडतं.

दुःख अंगातूनही बाहेर पडतं. सात वर्षांचं मूल अंथरूण ओलं करू लागतं, पोट दुखतं म्हणतं, आई मोरीत गेली तरी दाराशी उभं राहतं, वर्गात विनाकारण मारतं. रागावू नका. चादर गुपचूप बदला. जेवणाची, झोपायची, अभ्यासाची वेळ होती तीच ठेवा. लवकर शाळेत पाठवा, पण आधी शिक्षकांना भेटून काय घडलंय आणि मुलाला काय सांगितलंय ते सांगा. मी वर्गाला मुलाच्या परवानगीनं आधीच सांगते, म्हणजे त्याला चाळीस जणांना उत्तरं द्यावी लागत नाहीत. शिक्षक बंधुभगिनींना एक विनंती. "माझी आई" हा निबंध द्यायच्या आधी हजेरीपटावरून एकदा नजर फिरवा, आणि "माझं आवडतं माणूस" असा पर्याय द्या.

"आता तू घरचा कर्ता," "आईसमोर रडायचं नाही हं" ही वाक्यं दहा वर्षांच्या मुलाला बोलू नका. मुलींच्या बाबतीत तर कुणी काही बोलतही नाही, थेट पोळपाट-लाटणं हातात देतात. सहावीतली एक मुलगी आई गेल्यावर पहाटे साडेचारला उठून तीन माणसांच्या भाकऱ्या थापून शाळेत यायची आणि पहिल्या तासाला झोपायची. तिच्या चुलतीशी बोलून आम्ही सकाळच्या भाकऱ्या चुलतीच्या घरातून आणवल्या.

पहिली दिवाळी अवघड असते. वर्षभर सण करायचा नाही अशी रीत बऱ्याच घरांत आहे. मोठ्यांनी ती जरूर पाळावी, पण मुलाला विचारावं, काय करावंसं वाटतं. माझ्या वर्गातल्या एका मुलाचे वडील दरवर्षी कामट्यांचा आकाशकंदील करायचे. त्या वर्षी आजोबांनी फटाके, फराळ काही केलं नाही, पण नातवाला कामट्या तासून दिल्या. कंदील वाकडा झाला. तो त्यांनी फोटोसमोर लावला.

नाव घेत राहा. घरात कुणी "बाबा" हा शब्दच उच्चारत नाही असं झालं की मुलालाही तो गिळावा लागतो. बाबांना कारलं आवडायचं, बाबा शिट्टी वाजवायचे, असं जेवताना सहज बोला. त्यांचा एखादा शर्ट मुलासाठी ठेवा आणि धुवायची घाई करू नका.

वडिलांनी स्वतःचं जीवन संपवलं असेल तर

द्राक्षाचं कर्ज, अवकाळी, गारपीट. आमच्याकडे हे घडतं. घरचे सांगतात, "अटॅक आला." पण पारावर सगळ्यांना माहीत असतं, आणि मला जसं भांडणात कळलं तसंच या मुलालाही कळतं. कसं केलं याचं वर्णन नको. एवढं सांगा: "बाबांचं मन फार आजारी पडलं होतं. त्या आजारात त्यांना दुसरा रस्ता दिसला नाही आणि त्यांनी स्वतःचा जीव घेतला. त्यांचं तुझ्यावर प्रेम होतं. यात तुझी चूक नाही. आणि तुला कधी फार वाईट वाटलं तर मला सांगायचं. अशा वेळी मदत मिळते."

मूल "मला बाबांकडे जायचंय" असं पुन्हा पुन्हा म्हणू लागलं, स्वतःला इजा करू लागलं, कित्येक आठवडे जेवण-झोप-शाळा सुटली, तर थांबू नका. मनाच्या त्रासासाठी टेली-मानसचा १४४१६ हा सरकारी मदत क्रमांक मोफत आहे, रात्रीही चालू असतो, मराठीत बोलता येतं. मुलांसाठी १०९८ हा मदत क्रमांक आहे. कमावता पालक गेला असेल तर बालसंगोपन योजनेची चौकशी जिल्हा महिला व बालविकास कार्यालयात करा. दरमहा २२५० रुपये मिळतात. "शाळा सुटणार का?" ही धास्ती मुलांना असते, तेव्हा अर्ज भरला की मुलालाही सांगा.

आणि एकदा सांगितलं म्हणजे झालं असं समजू नका. वय वाढतं तसा तोच प्रश्न मोठा होऊन परत येतो. एका मुलीची आई स्तनाच्या कर्करोगानं गेली तेव्हा ती चौथीत होती, आणि तिला "मोठा आजार" एवढंच सांगितलं होतं. नववीत गेल्यावर तिनं वडिलांना नेमकं विचारलं. ते घाबरून माझ्याकडे आले. मी म्हटलं, दवाखान्याची फाईल असेल तर काढा, दोघं मिळून वाचा. एका रविवारी त्यांनी ती वाचली. शेवटचं पान झाल्यावर मुलीनं विचारलं, "मलाही तपासणी करावी लागेल का?" वडिलांना उत्तर माहीत नव्हतं, तसं त्यांनी सांगितलं, आणि सोमवारी दोघं ती फाईल घेऊन डॉक्टरांकडे गेले.