एका हंगामाचा अभ्यास : सॅन फ्रान्सिस्को विद्यापीठ, १९५१

क्रीडा-इतिहासाकडे नव्याने वळणाऱ्या विद्यार्थ्यांना मी एकच संघ आणि त्याचा एकच हंगाम निवडून सुरुवात करायला सांगतो. मी स्वतः सॅन फ्रान्सिस्को विद्यापीठाच्या ‘डॉन्स’ या अमेरिकन फुटबॉल संघाचा १९५१ चा हंगाम निवडला होता, आणि या विषयात काय पाहावे व कोणत्या क्रमाने पाहावे, हे मी त्यातूनच शिकलो.

जो कुहारिच यांच्या प्रशिक्षणाखाली या संघाने नऊच्या नऊ सामने जिंकले. ऑली मॅटसन या कृष्णवर्णीय खेळाडूने चेंडू घेऊन १,५६६ यार्ड धाव घेतली. त्या वर्षी देशभरात इतके अंतर कोणीही कापले नव्हते. हे आकडे वाचण्यापूर्वी त्या काळचे नियम समजून घ्यावेत. तेव्हा खेळाडू हवे तेव्हा बदलता येत असल्यामुळे आक्रमणाची व बचावाची तुकडी वेगळी ठेवता येई. तरीही मॅटसन आक्रमण आणि बचाव दोन्हींत खेळत असे, आणि हे कळल्यावर त्याच्या कामगिरीचे मोल कितीतरी वाढते.

त्यानंतर मी सामन्यांची यादी पुढ्यात घेतली, आणि माझ्या मते अभ्यासाचा खरा गाभा तिथेच आहे. सॅन होजे स्टेटशी दोन सामने, कॅम्प पेंडलटन येथील मरीन सैनिकांचा संघ, सॅन दिएगोच्या नौदल प्रशिक्षण केंद्राचा संघ. मात्र शेजारची स्टॅनफर्ड आणि कॅलिफोर्निया ही मोठी विद्यापीठे यादीत कुठेच नाहीत. मोठे प्रतिस्पर्धी नसले की प्रेक्षक कमी येतात आणि तिकिटांचे उत्पन्न घटते. डॉन्स ज्या केझर स्टेडियममध्ये खेळत, तिथेच शहरातील व्यावसायिक ‘फोर्टीनाइनर्स’ संघही खेळत असे. सेंट मेरीज या जवळच्या कॅथलिक महाविद्यालयाने १९५० च्या हंगामानंतर फुटबॉल बंद केले होते, तर सांता क्लारा विद्यापीठाने १९५२ नंतर तेच केले. म्हणून हंगामाअखेर निवडक संघांना बोलावून होणाऱ्या ‘बाउल’ सामन्याचे निमंत्रण हे या संघासाठी केवळ मानाचे नव्हते. त्या सामन्यातून मिळणाऱ्या पैशावर फुटबॉल टिकण्याची आशा होती.

ते निमंत्रण आले नाही. मॅटसन आणि बर्ल टोलर या दोन कृष्णवर्णीय खेळाडूंना मागे ठेवले तर वर्णभेद पाळणाऱ्या दक्षिणेकडील राज्यांत बाउल सामना खेळता येईल, असे संघाला सुचवण्यात आले आणि बाकीच्या खेळाडूंनी ते साफ नाकारले, असे त्या खेळाडूंनी पुढे अनेकदा सांगितले आहे. नवख्या अभ्यासकाने इथे विशेष सावध राहावे. दुबळ्या प्रतिस्पर्ध्यांचे कारणही पुढे केले जात असे, आणि खेळाडूंच्या बहुतेक मुलाखती कित्येक दशकांनंतरच्या आहेत. अशा वेळी उशिरा सांगितलेली आठवण त्या काळच्या वृत्तपत्रांशेजारी ठेवून वाचावी, आणि त्या वर्षीचे वातावरणही तपासावे. त्याच ऑक्टोबरमध्ये ओक्लाहोमातील स्टिलवॉटर येथे ड्रेक विद्यापीठाच्या जॉनी ब्राइट या कृष्णवर्णीय खेळाडूचा जबडा मैदानावरच फोडण्यात आला होता, आणि त्या प्रसंगाच्या छायाचित्रांना पुढे पुलित्झर पारितोषिक मिळाले. हे सारे एकत्र पाहिल्यावर खेळाडूंच्या सांगण्यावर माझा विश्वास अधिक दृढ झाला. त्या विशीतल्या मुलांनी जे गमावले ते पूर्ण जाणून गमावले, आणि त्याबद्दल मला त्यांच्याविषयी अतोनात आदर वाटतो.

हंगाम संपताच विद्यापीठाने फुटबॉल बंद केले. पण अभ्यास तिथे थांबवू नये, खेळाडूंचा पुढचा माग काढावा. मॅटसन, जिनो मार्चेटी आणि बॉब सेंट क्लेअर हे तिघे व्यावसायिक फुटबॉलच्या हॉल ऑफ फेममध्ये, म्हणजे थोर खेळाडूंच्या मानाच्या यादीत गेले. मॅटसनने त्याआधी १९५२ च्या हेलसिंकी ऑलिंपिकमध्ये धावण्याच्या शर्यतींत दोन पदकेही मिळवली. संघाची प्रसिद्धी सांभाळणारे पीट रोझेल १९६० मध्ये नॅशनल फुटबॉल लीग या व्यावसायिक संघांच्या स्पर्धेचे आयुक्त, म्हणजे प्रमुख झाले. टोलरची व्यावसायिक कारकीर्द १९५२ मधील गुडघ्याच्या दुखापतीमुळे सुरू होण्याआधीच संपली. तो शिक्षक आणि पुढे सॅन फ्रान्सिस्कोतील शाळेचा मुख्याध्यापक झाला, आणि १९६५ मध्ये त्याच लीगमधील पहिला कृष्णवर्णीय सामनाधिकारी ठरला. त्याच्यासाठी मी वेगळी वही घातली, कारण शाळा आणि मैदान या दोन्ही ठिकाणच्या नोंदी शोधल्याशिवाय त्याचे आयुष्य पूर्णपणे हाती येत नाही.