रून बसवण्याआधी या चुका टाळा

‘डायब्लो २’ या कॉम्प्युटर गेमला २००१ साली ‘लॉर्ड ऑफ डिस्ट्रक्शन’ हे एक्स्पान्शन आलं आणि सँक्च्युअरी या त्याच्या दुनियेत ३३ रून, म्हणजे शस्त्र-चिलखतांच्या खाचांत (सॉकेटमध्ये) बसवायचे जादुई दगड, दाखल झाले. एल अगदी सहज सापडणारा, झोड सगळ्यात दुर्मिळ. २०२१ मध्ये ‘रिझरेक्टेड’ ही नवी आवृत्ती आल्यापासून नवी मुलं पुन्हा या खेळाकडे वळली, याचा मला मनापासून आनंद आहे. पण मला फोटो मात्र सारखा तोच येतो. चिलखतात रून बसवलेले, आणि खाली प्रश्न: “दादा, रूनवर्ड का बनत नाहीये?”

रूनवर्ड म्हणजे ठरावीक रून ठरावीक क्रमाने बसवले की वस्तूला मिळणारं नवं नाव आणि खास ताकद. तो बनत नाही तेव्हा बहुतेक वेळा बेस (रून ज्यात बसवायचे ती वस्तू) चुकलेला असतो. रूनवर्ड फक्त साध्या, सॉकेटवाल्या वस्तूतच बनतो. अशा वस्तूचं नाव करड्या रंगात दिसतं. मागे ‘सुपिरियर’ लागलं असेल तरी चालतं. निळं, पिवळं, हिरवं, सोनेरी नाव असेल तर हात लावू नका, मग सॉकेट कितीही असोत.

माझ्या एका मित्राने एनिग्मासाठी, म्हणजे टेलिपोर्टची (क्षणात दुसरीकडे पोचण्याची) ताकद देणाऱ्या चिलखताच्या रूनवर्डसाठी, कित्येक महिने जीव टाकला होता. त्यातला जाह रून त्याला सापडला होता, बेर रूनसाठी त्याने जवळचं सगळं चांगलं सामान देऊन टाकलं. बेर हातात आला त्या रात्री त्याचा फोन आला. मी म्हटलं, “थांब, आधी चिलखत दाखव.” तो म्हणाला, “अरे, मेज प्लेट आहे, तीन सॉकेट आहेत, जाह आणि इथ हे रून बसवलेसुद्धा.” आणि बोलता बोलता त्याने बेर बसवला. नाव निळंच राहिलं. ती ‘आर्टिझन्स मेज प्लेट’ होती. आर्टिझन्स हा मॅजिक वस्तूंना लागणारा प्रिफिक्स, त्याने तीन सॉकेट मिळतात. रून आपापलं काम करत होते, जाहमुळे लाइफ ५ टक्के वाढलं होतं, बेरमुळे मार ८ टक्के कमी लागत होता. पण ज्या टेलिपोर्टसाठी हा सगळा खटाटोप, त्याचा पत्ता नव्हता. चिलखतासोबत हेल नावाचा रून आणि टाउन पोर्टलची स्क्रोल क्यूबमध्ये (वस्तू एकत्र करून बदलणाऱ्या जादूच्या पेटीत) टाकली की सॉकेट रिकामे होतात, पण आतले रून नष्ट होतात. म्हणजे चिलखत वाचतं आणि जाह-बेर जातात. तो बराच वेळ काही बोललाच नाही. त्याने नंतर हा खेळ उघडलाच नाही, याचं मला आजही वाईट वाटतं.

म्हणून माझी एक सवय आहे आणि ती मी सगळ्यांना लावतो. मोठा रून मिळाला की त्याच रात्री बसवायचा नाही. बेस स्टॅशमध्ये ठेवायचा, झोपायचं आणि दुसऱ्या दिवशी नावाचा रंग, सॉकेटची संख्या आणि रूनचा क्रम मोठ्याने वाचायचा. घाई करणाऱ्याला हे बालिश वाटतं. वाटू दे.

दुसरी चूक लार्झुकची. हॅरोगॅथ गावाबाहेर शेंक या राक्षसाला मारलं की गावातला लोहार लार्झुक एका वस्तूला सॉकेट पाडून देतो, प्रत्येक डिफिकल्टीला एकदाच. साध्या वस्तूला तो नेहमी त्या वस्तूच्या आयटम लेव्हलला (ती कुठे सापडली त्यावरून ठरणाऱ्या पातळीला) शक्य तितके जास्तीत जास्त सॉकेट पाडतो. स्पिरिट या रूनवर्डला तलवारीत नेमके चार सॉकेट लागतात. मग उत्साही खेळाडू हेल या सगळ्यात कठीण डिफिकल्टीत सापडलेली क्रिस्टल सोर्ड त्याच्याकडे नेतो, सहा सॉकेट घेऊन परत येतो आणि क्वेस्ट वाया जातो. क्रिस्टल सोर्ड २६ ते ४० आयटम लेव्हलची हवी, नॉर्मल डिफिकल्टीच्या काऊ लेव्हल या गुप्त भागातली उत्तम. मोनार्क ढालीला मात्र बिनधास्त सॉकेट पाडून घ्या, तिला चारच पडतात. क्वेस्ट संपला असेल तर क्यूब आहे. तलवारीला राल, आमन आणि परफेक्ट ॲमेथिस्ट, चिलखताला ताल, थूल आणि परफेक्ट टोपाझ. इथे सॉकेट नशिबावर पडतात आणि सुपिरियर वस्तू चालत नाही.

तीन रूनच्या शब्दाला तीनच सॉकेट लागतात. चौथा रिकामा ठेवून काही होत नाही.

क्रम पाळा. जाह, इथ, बेर. दुसऱ्या कुठल्याही क्रमाने एनिग्मा बनत नाही.

भाडोत्री साथीदारासाठी इनसाइट हा रूनवर्ड बनवताना पोलआर्म (लांब दांड्याचं शस्त्र) घ्या. पाइक हा भाला आहे, त्यात इनसाइट बनत नाही.

जुन्या मूळ खेळात एकट्याने खेळत असाल तर स्पिरिट, इनसाइट, इन्फिनिटी असे लॅडरचे (ऑनलाइन स्पर्धेपुरते राखलेले) शब्द बनतच नाहीत. रिझरेक्टेडमध्ये ते ऑफलाइनही बनतात. चार रून घालवण्याआधी कुठला खेळ उघडलाय ते बघा.

रून शोधायला मॅजिक फाइंडचं (जादुई वस्तू जास्त सापडाव्यात म्हणून घालायचं) सामान घालून फिरणारे बरेच जण भेटतात. मॅजिक फाइंडने रून वाढत नाहीत. त्यापेक्षा झटपट मारता येईल असं सामान घाला आणि ब्लॅक मार्शच्या फॉरगॉटन टॉवरमधल्या काउंटेस या शत्रूला मारायला जा. स्पिरिट, इनसाइट, स्टेल्थ यांचे रून तिच्याकडूनच जमतात.

क्यूबमध्ये खालचे रून एकत्र करून वरचा रून बनवत नेणं हा सगळ्यात लाडका शॉर्टकट, आणि मला तो अजिबात पटत नाही. एक बेर म्हणजे दोन सुर, चार लो, आठ ओम, सोळा वेक्स, बत्तीस गुल, चौसष्ट इस्ट, वर प्रत्येक पायरीला रत्नं वेगळी. हातातले इस्ट आणि गुल असे जाळण्यापेक्षा त्यांच्या बदल्यात आज वापरता येईल असं काहीतरी घ्या. आणि हेलफोर्ज या भट्टीवर मेफिस्टो या राक्षसाचा सोलस्टोन फोडायचा क्वेस्ट कधीही सोडू नका. हेल डिफिकल्टीत तिथे हेल नावाच्या रूनपासून गुलपर्यंतचा एक रून हमखास मिळतो, तरी डायब्लोला मारायच्या नादात लोक मेफिस्टोचा सोलस्टोन न फोडताच पुढे पळतात.