कंपास कधी वाचायचा आणि कधी नाही

सेसना १५२ हे छोटं विमान घेऊन एकटाच निघालो होतो, तेव्हाची गोष्ट. अर्धा तास उडालो तरी खाली नदी येईना. कारण? काचेपाशी, कंपासला खेटून ठेवलेला माझाच मोबाईल. ६० मैलांवर एका अंशाची चूक म्हणजे एक मैल बाजूला. माझी चूक सहा-सात अंशांची तरी असणार. मुंबईत विजेच्या ट्राम येणार म्हणून १९०४ साली कुलाब्याची चुंबकीय वेधशाळा अलिबागला न्यावी लागली. तिथे आपल्या कंपासची काय कथा! तेव्हा मोबाईल आणि हेडसेट आधी दूर ठेवा. हेडसेटमध्येही चुंबक असतोच.

मग कंपासजवळचं कार्ड वाचा. विमानातल्या लोखंडामुळे, तारांमुळे किती अंश धरायचे किंवा सोडायचे ते त्यावर असतं. आकडे रेडिओ चालू ठेवून घेतलेत की बंद, तेही बघा. हे कोणीच बघत नाही. व्हेरिएशनची, म्हणजे खरी उत्तर आणि चुंबकीय उत्तर यांतल्या फरकाची, मात्र महाराष्ट्रात फारशी धास्ती नको, ते एका अंशाच्या आतबाहेर.

खरा घोळ वळणात. उत्तरेला वळताना कंपास मागे रेंगाळतो, म्हणून ३६० दिसायच्या आधीच पंख सरळ करा. दक्षिणेला तो पुढे पळतो, तिथे १८० ओलांडू द्या. पूर्व-पश्चिमेला वळणाचा त्रास नाही, पण वेग वाढवला की उत्तरेकडे वळल्यासारखं दाखवतो, कमी केला की दक्षिणेकडे. सगळं डिपमुळे. चुंबकीय रेषा आडवी नसते, जमिनीत घुसते: लंडनला सुमारे ६६ अंश, अलिबागला २५ ते ३० च्या दरम्यान, तिरुनेलवेलीला जवळजवळ शून्य. म्हणून विलायती पुस्तकातले 'तीस अंश आधी सोडा' वगैरे आकडे इथे घोकू नका. सरावाच्या पट्ट्यात वळणं घेऊन आपल्या विमानाचा आकडा स्वतः काढा.

डीजी, म्हणजे दिशा दाखवणारा जायरो, भरकटतो, दर १०-१५ मिनिटांनी तो कंपासशी जुळवायचा. त्याआधी पंख सरळ, नाक स्थिर, वेग एकसारखा. कंपासचं डुलणं थांबू द्या, मगच आकडा घ्या. नागपूरला धावपट्टी ३२ वर (म्हणजे दिशा ३२० अंश) उभे असाल तर तिथेच बघून घ्या: ३२० च्या आसपास नाही दिसला तर ब्रेक सोडू नका.