ओपन माइकवरची पाच मिनिटं टीव्हीवर नेताना

ओपन माइकवर, म्हणजे कुणीही येऊन विनोद सादर करू शकतो अशा मंचावर, जमलेली स्टँडअपची पाच मिनिटं टीव्हीवर जशीच्या तशी चालतील असं धरून चालू नका. स्टेजवर विषय उघडायला अर्धं मिनिट घेतलं तरी लोक थांबतात. घरच्या प्रेक्षकाच्या हातात रिमोट असतो, त्यामुळे पहिला हशा दहा-पंधरा सेकंदांत यायलाच हवा. तुमचा सेट, म्हणजे स्टेजवर सादर केलेला सगळा मजकूर, मोबाइलवर रेकॉर्ड करा, शब्दन् शब्द उतरवून काढा आणि हशाच्या प्रत्येक जागेवर खूण करा. दोन खुणांमध्ये चार ओळींहून जास्त मजकूर दिसला, की कात्री. पाचाची साडेतीन मिनिटं उरली तर वाईट वाटून घेऊ नका.

संहिता आधी वाहिनीकडे जाते. ब्रँडची नावं, जात, धर्म यांवर तिथे बहुतेकदा लाल रेघ पडते. पंच, म्हणजे हशा आणणारी ओळ, नेमका त्या नावावरच उभा असेल तर अख्खा किस्सा कोसळतो. म्हणून पर्यायी शब्द घरूनच लिहून न्या.

खरी कसोटी रीटेकची. माइक खरखरला की तोच किस्सा, त्याच प्रेक्षकांसमोर, आणि शेवट त्यांना पाठ! हशा निम्म्यावर येतो, नवखा घाबरून वेग वाढवतो आणि उरलेलाही घालवतो. वेग तोच ठेवा, शेवटची ओळ बदला. प्रत्येक मोठ्या पंचला एक राखीव टॅग, म्हणजे पंचला जोडायची आणखी एक हशाची ओळ, हवाच. कॉलर माइक लावला असेल तर छातीवर हात आपटू नका. बारीक चौकड्यांचा शर्ट टाळा, कॅमेऱ्यात त्याच्या रेघा थरथरतात. आणि हशा चालू असताना पुढचं वाक्य घेऊ नका, एडिटरला कापायला जागाच राहत नाही.

मराठी टीव्हीवर दार बहुतेकदा स्किटचंच, म्हणजे अनेकांनी मिळून करायच्या छोट्या विनोदी प्रवेशाचंच असतं. 'फू बाई फू', 'चला हवा येऊ द्या', 'महाराष्ट्राची हास्यजत्रा' ही सगळी त्याच घरातली. एकट्याने बोलायची सवय असलेल्याला समोरच्याचा क्यू, म्हणजे आपली ओळ घ्यायचा इशारा, झेलणं, त्याच्या हशाला थांबणं जड जातं. एकांकिकेत वर्षभर काम केलंत तर हे अंगात मुरतं.

टीव्हीवर गेलेला किस्सा यूट्यूबवरही फिरतो. मग सभागृहात लोक पंच तुमच्याआधी बोलतात. एकल प्रयोगाची हुकमी वीस मिनिटं वाहिनीला देऊ नका.

करारात हक्कांचं कलम आधी वाचा. कॉपीराइट कायदा, १९५७ नुसार हक्क लेखीच द्यावे लागतात. मुदत लिहिली नसेल तर ५ वर्षं आणि प्रदेश लिहिला नसेल तर भारतापुरतेच धरले जातात. 'कायमस्वरूपी' आणि 'जगभर' हे शब्द दिसले तर सही थांबवा आणि तेच किस्से स्टेजवर करायची मुभा लेखी मागून घ्या.