इमारतीसोबत तिथली वर्दळही टिपायची असेल तर

1838 साली फोटोग्राफीच्या सुरुवातीच्या तंत्रांपैकी एक शोधणाऱ्या दागेरने पॅरिसच्या बुलेव्हार द्यू तांप्ल या रस्त्याचा फोटो घेतला. रस्ता वाहता होता, पण एक्स्पोजर, म्हणजे प्लेटवर उजेड पडू देण्याचा वेळ, काही मिनिटांचं असल्यामुळे चालती माणसं आणि घोडागाड्या प्लेटवर उमटल्याच नाहीत. ठळक दिसतो तो बूट पॉलिश करून घ्यायला एका जागी थांबलेला माणूस. शहराचे फोटो काढताना आजही हाच निर्णय घ्यावा लागतो: थांबलेलं काय दाखवायचं आणि चालतं काय.

पहिल्या फेरीत कॅमेरा बॅगेतच राहू द्या. ऊन कोणत्या भिंतीवर केव्हा येतं ते पाहा. आखलेली वाट सोडून लोक कुठून आडवे जातात तेही पाहा. चढण्यासाठी बांधलेल्या पायऱ्यांवर कुणी रोज वाचत बसत असेल, तर मला तो फोटो दर्शनी भागाच्या फोटोइतकाच महत्त्वाचा वाटतो.

मग चौकट ठरवा आणि ट्रायपॉड लावा. इथे सगळ्यात जास्त चुका होतात त्या उभ्या रेषांच्या. उंच इमारत मावावी म्हणून कॅमेरा वर झुकवला, की सेन्सर (कॅमेऱ्यातला प्रतिमा टिपणारा भाग) भिंतीला समांतर राहत नाही आणि इमारत मागे कलंडल्यासारखी दिसते. स्क्रीनवरच्या आडव्या-उभ्या रेषा (ग्रिड) आणि कॅमेरा सरळ आहे का ते दाखवणारी खूण (लेव्हल) चालू करून कॅमेरा सरळच धरा. वरचा भाग कापला जात असेल तर मागे सरका, किंवा परवानगी घेऊन समोरच्या इमारतीच्या पहिल्या-दुसऱ्या मजल्यावर जा. शिफ्ट लेन्स, म्हणजे कॅमेरा न झुकवता चौकट वर सरकवू देणारी लेन्स, असेल तर उत्तमच. नसेल तर रुंद लेन्स लावा आणि खालचा जास्तीचा रस्ता नंतर कापा. सॉफ्टवेअरनेही रेषा सरळ होतात, मात्र त्यात कडा जातात. म्हणून चारी बाजूंना जागा सोडा.

आता माणसं. चालणारा माणूस स्पष्ट हवा असेल तर शटर 1/250 सेकंद ठेवा. 1/4 सेकंदाला पावलं पुसट होतात, पण माणूस ओळखू येतो. एक-दोन सेकंदांत गर्दीचे नुसते पट्टे उरतात आणि बाकावर बसलेली व्यक्ती त्यात स्थिर दिसते. भर उन्हात इतका वेळ शटर उघडं ठेवायचं तर सहा स्टॉपचा एनडी फिल्टर लागतो, म्हणजे लेन्ससमोर लावायची गडद काच; दर स्टॉपला उजेड निम्मा होतो. तो एक्स्पोजर 64 पट वाढवतो, म्हणजे 1/60 सेकंदाचं साधारण एक सेकंद होतं.

सूर्यास्तानंतर आकाश आणि खिडक्यांमधला उजेड जवळपास सारखा होतो, तो वेळ चुकवू नका. विषुववृत्ताजवळ तो झपाट्याने सरतो, म्हणून चौकट आधीच लावून ठेवा.

कुणी हाताने नको म्हटलं तर कॅमेरा खाली घ्या. मुलांच्या बाबतीत पालकांना विचारल्याशिवाय फोटो घेऊच नये.

घरी आल्यावर प्रत्येक फोटोला ठिकाण, तारीख, वेळ आणि कॅमेऱ्याची दिशा लिहा. लेन्सचं फोकल लेंग्थ (मिलिमीटरमधला आकडा) हेही नोंदवा आणि ट्रायपॉडच्या जागेचा मोबाइलवर एक फोटो ठेवा. वर्षभराने तिथेच उभं राहून तीच चौकट पुन्हा लावायची आहे.